राखेतलं आलं

“कच्चं लागतंय,” कौस्तुभ सर म्हणाले आणि ग्लासात उरलेलं त्यांनी सिंकमध्ये ओतून दिलं. “आलं घशात बोचतंय, जयमाला. रम एका बाजूला, आलं एका बाजूला. भांडलेल्या जावा एका घरात राहतात तसं.”

मी शेकर विसळला आणि परत बर्फ भरला.

पुण्यातल्या एका मोठ्या हॉटेलच्या बारमध्ये मी तेव्हा कौस्तुभ सरांच्या हाताखाली दारू ओतायचं काम करत होते. आमच्या कंपनीच्या सगळ्या हॉटेलांमधल्या बारवाल्यांची स्पर्धा शनिवारी होती. जगात सगळीकडं चालणारं रमचं एखादं जुनं पेय घ्यायचं आणि त्याला आपलं वळण द्यायचं, एवढीच अट. मी डायकिरी घेतली होती. रम, लिंबू, साखर, संपलं. त्यात लपायला जागा नसते, म्हणून बाकीचे तिच्या वाटेला जात नव्हते. मी साखर काढून गूळ घातला आणि आलं घातलं. कागदावर झकास होतं. तोंडात गेलं की आलं एकटंच ओरडायचं.

जिंकेल त्याला गोव्याच्या नव्या हॉटेलातला बार मिळणार होता. बारबरोबर राहायला घर, आणि घरच्या माणसाला सोबत ठेवायची परवानगी. मला बक्षीस, फोटो, टाळ्या यातलं काही नको होतं. ते घर हवं होतं. कारण माझी आई अजून वस्तीवर राहत होती.

आमची वस्ती कुर्डुवाडीच्या पलीकडं, माळावर. गावात कुणाची शेळी हरवली तरी पोलीस आधी आमच्याकडं यायचे, शेळी शोधायला नंतर जायचे. आई हातभट्टी लावायची. पहिली धार निघाली की बोट बुडवून जिभेच्या टोकाला लावायची आणि थुंकायची. तेवढ्यावर तिला कळायचं. त्या भट्टीवर मी आश्रमशाळेत गेले, सोलापूरला हॉटेलचा कोर्स केला. मी कमवायला लागल्यावर आईनं भट्टी मोडली, डबा भंगारात घातला. तरी धाडी थांबल्या नाहीत. त्यांना सवय लागली होती. रिकामी झोपडी उचकून, मडकं फोडून जायचे.

“चव जमेल,” कौस्तुभ सर म्हणाले. “गोष्ट काय आहे?”

“कसली गोष्ट?”

“ड्रिंकमागची. परीक्षक विचारतात. हे तुला कुठून सुचलं, घरात कोण करायचं. नुसती चव कुणी लक्षात ठेवत नाही गं, गोष्ट लक्षात राहते.”

गोष्ट होती. वस्तीवर बाई बाळंत झाली की आई राखेत आलं भाजायची, गुळात ठेचायची आणि त्यात झाकणभर पहिल्या धारेची टाकून त्या बाईला पाजायची. थंडीत खोकला झाला की मलासुद्धा. त्याची चव मी डायकिरीत शोधत होते. ही गोष्ट त्या चकाचक बारमध्ये उभं राहून कोण सांगणार?

“काळे म्हणजे तुम्ही मूळचे कुठले?” सर म्हणाले. “माझं आजोळ काळ्यांचं. गुहागरचे. तुमचंही मूळ कोकणच का?”

काळे आडनावाची ही एक गंमत आहे. ते बामणात असतं, मराठ्यात असतं, आमच्यातही असतं. ज्याला जे हवं ते त्यानं ऐकून घ्यावं.

“मूळ… हो,” मी म्हणाले.

“वाटलंच मला. मग सोपं आहे. आजी. कोकणातली आजी, आलेपाक, पावसाळ्यातला खोकला, पितळेचं पातेलं. होती ना आजी?”

आजी मला होती. एका गुन्ह्यात नाव आलं म्हणून ती तुरुंगात गेली आणि तिथंच मेली. माझ्या जन्माच्या आधी.

“होती,” मी म्हणाले.

असं ते झालं. खोटं मी बोलले नाही, मी फक्त हो म्हणाले. ही पळवाट मी पुष्कळ वर्षं वापरली. आता ती वापरायची लाज वाटते.

संध्याकाळी आईला फोन लावला. आम्ही आमच्या बोलीत बोललो. ती बोली मराठी नाही, आणि तिचं नाव घेतलं की समोरचा आपला खिसा चाचपतो.

“आये, आलं गॅसवर भाजलं तर तशी चव येत नाही.”

“गॅसला राख आहे का?”

“नाही.”

“मग कशाला भाजतीस? राख त्याचा तिखटपणा पिते. नुसत्या जाळानं कातडी जळते, आत कच्चंच. माणसासारखं.” ती हसली. “कशाला पायजे?”

“हॉटेलात. रममध्ये घालायचंय.”

पलीकडं तिनं चुलीत लाकूड सारल्याचा आवाज आला. मग म्हणाली, “मी तुला दारूतून भाईर काढली, आणि तू पुन्हा दारूतच. फरक एवढाच, माझी चोरीची, तुझी परमिटची.”

“आये, जिंकले तर घर मिळेल. गोव्याला. तू आणि मी.”

“तिथं पोलीस आसतात का?”

“असतात. पण आपल्याकडं येणार नाहीत.”

“असले कुठले पोलीस,” ती म्हणाली. “शनिवारी सकाळची गाडी धरते. बाभळीच्या राखेत भाजून आणते. फडक्यात बांधून आणलं की गरम राहतं.”

“तू मागच्या फाटकाशी ये. मी येऊन घेईन. तिथून रिक्षानं तुला माझ्या खोलीवर सोडते.”

“मागच्याच फाटकाशी येणार. पुढच्या दारानं मी कधी कुठं गेले?” ती म्हणाली, आणि त्यात टोमणा नव्हता. माहिती होती.

शनिवारी दुपारी ती आली. हिरवं नवं लुगडं, ठेवणीतलं. हातात फडक्याचं बोचकं. वॉचमननं तिला भिंतीच्या सावलीत उभं केलं होतं, आणि ती अगदी भिंतीला लागून उभी होती. मला बघितल्यावर तिचा चेहरा उमलला आणि ती आमच्या बोलीत मोठ्यानं बोलायला लागली, की गाडीत एका म्हातारीनं वास घेऊन घेऊन बोचक्यात काय आहे ते विचारलं आणि हिनं सांगितलं, सुनेला बाळंतपण आहे.

वॉचमन बघत होता. किचनमधली दोन पोरं विडी ओढायला आली होती, ती बघत होती.

“आये,” मी हळू म्हणाले, “इथं मराठीत बोल.”

ती थांबली. तोंड अर्धं उघडं होतं तसंच राहिलं. मग मिटलं.

“बरं,” ती मराठीत म्हणाली. “हे घ्या तुमचं आलं.”

‘घ्या’ म्हणाली. मला.

मला घाई होती. नाव पुकारलं जाणार होतं. वॉचमनला सांगितलं, यांना जरा बसायला द्या, मी आलेच अर्ध्या तासात, आणि बोचकं घेऊन आत पळाले. आल्यावरची राख पुसली, साल काढली, खलबत्त्यात गुळाबरोबर ठेचलं, पातळ फडक्यातून पिळून घेतलं. पिळताना जो वास आला त्यानं मी क्षणभर वस्तीवर होते. रम, लिंबू, हा पाक, बर्फ. शेकर हलवून चव घेतली. भांडलेल्या जावा एका ताटात जेवायला बसल्या होत्या.

हॉलमध्ये खुर्च्या भरलेल्या. पुढं तीन परीक्षक. मधल्या देविका मॅडम पेपरात खाण्यावर लिहायच्या आणि त्यांचंच मत चालायचं. मी ग्लास त्यांच्यापुढं ठेवले. मॅडमनी घोट घेतला, डोळे मिटले, दुसरा घेतला.

“हे आलं काय केलंयत तुम्ही?”

“राखेत भाजलंय, मॅडम.”

“कुणी शिकवलं?”

तोंडाशी खरं आलं होतं. पण गोष्ट पाठ झाली होती, आणि पाठ झालेलं आपोआप बाहेर पडतं.

“माझी आजी,” मी माइकमध्ये म्हणाले. “कोकणातली, गुहागरची. आम्ही सुट्टीत जायचो. पावसात खोकला झाला की ती चुलीच्या राखेत आलं भाजायची आणि पितळेच्या पातेल्यात…”

मागचं दार उघडलं. कौस्तुभ सर आत येत होते. त्यांनी कुणाला तरी कोपराला धरून आणलं होतं, अगदी अदबीनं, जसं लग्नात मानाच्या पाहुण्याला आणतात. हिरवं लुगडं.

मला तेव्हा थांबता आलं असतं. ग्लास खाली ठेवून, ही बघा, हिनं शिकवलं, एवढं एक वाक्य. पण त्याच्या पुढचं वाक्य काय? हिनं भट्टीवर शिकवलं. मी पातेल्यात गूळ घातला. आजीनं माझ्या पाठीवरून हात फिरवला. मी सगळं शेवटपर्यंत सांगितलं आणि आई खांबाशी उभी राहून ते ऐकत होती. आपली सासू कोकणात होती हे तिला त्या दिवशी कळलं.

“मॅडम, एक मिनिट,” कौस्तुभ सर पुढं आले. त्यांचा चेहरा आनंदानं फुलला होता. त्या माणसाच्या मनात काही वाईट नव्हतं, हे मला नीट लिहायचं आहे. “जयमालाच्या आई आल्यात. आलं घेऊन आल्यात गावाहून. मागच्या फाटकाशी बसल्या होत्या, मी म्हटलं असं कसं.”

लोकांनी टाळ्या वाजवल्या. देविका मॅडम स्वतः उठल्या आणि आपली खुर्ची पुढं केली. आई बसली नाही. दोन्ही हात पदराखाली घेतले, डोक्यावरून पदर पुढं ओढला, नजर मॅडमच्या पायांवर.

ही उभी राहण्याची तऱ्हा मला पाठ होती.

धाड पडली की ती अशीच उभी राहायची. हात पदरात, कारण भट्टीनं काळी पडलेली बोटं दिसता कामा नयेत. नजर खाली, कारण वर बघितलं की म्हणतात माजलीय. आणि उत्तरं तयार. मी लहान होते तेव्हा मलाही तयार केलं होतं. पोलिसानं विचारलं, आईचं नाव काय, तर काय सांगायचं? सुलोचना. हे नाव तिला कुठं सापडलं माहीत नाही. खरं नाव त्यांच्या तोंडात कशाला द्यायचं, ते आपल्या घरात राहू दे, असं म्हणायची. एकदा एक हवालदार समन्स घेऊन सुलोचनाला शोधत आला. आईनं त्याला पाणी दिलं आणि सांगितलं, ती व्हय, ती मागंच बार्शीला गेली बगा, लई नालायक बाई. तो गेल्यावर आम्ही पोट धरून हसलो होतो.

“आई, नाव काय तुमचं?” देविका मॅडमनी माइक तिच्या तोंडापुढं धरला.

आईनं एकदाच माझ्याकडं बघितलं. राग नव्हता. धाडीत ती माझ्याकडं बघायची तेच बघणं. तू आता गप राहा, मी बोलते.

“सुलोचना,” ती म्हणाली.

“वा, छान नाव आहे. आणि गाव गुहागर?”

“व्हय.”

“बोलण्यावरून मात्र तुम्ही तिकडच्या वाटत नाही हो.”

“म्हायेर देशावरचं. लगीन करून गेले.” आई जराही अडखळली नाही. “घर बदललं म्हणून जीभ बदलती व्हय, मॅडम?”

लोक हसले. मॅडमही हसल्या.

“आणि ही आल्याची कृती तुमच्या सासूबाईंची?”

“त्यांचीच. मला काय येतंय?”

“कशा होत्या सासूबाई?”

“दिवाबत्तीच्या येळंला घरात भांडण चालायचं न्हाई त्यास्नी,” आई म्हणाली. “पितळंची भांडी अशी घासायच्या की तोंड दिसावं.” हे तिनं माझ्या गोष्टीतून घेतलं नव्हतं. हे तिनं स्वतः जोडलं. माझ्या खोट्यात जिथं भोक होतं तिथं तिनं ठिगळ लावलं.

“मग आता तुम्हीच चव बघून सांगा, सासूबाईंसारखं झालंय का,” मॅडमनी ग्लास पुढं केला.

आईनं ग्लासाकडं बघितलं. मला दिसलं, तिच्या नाकपुड्या हलल्या. दारूचा वास तिला माझ्यापेक्षा, त्या तिन्ही परीक्षकांपेक्षा जास्त जवळचा होता. पदराखालचा हात थोडा हलला, आणि तिथंच थांबला.

“नगं मॅडम,” ती मान खाली घालून म्हणाली. “आमच्यात न्हाई चालत असलं.”

त्यावर सगळ्यात जास्त टाळ्या पडल्या.

जिंकले अर्थातच मी. फोटो निघाले. एका फोटोत आई आहे, हात पदरात. कौस्तुभ सरांनी माझी पाठ थोपटली आणि म्हणाले, “तुझ्या ड्रिंकला नाव नव्हतं ना? आता आहे. सुलोचना. गोव्याच्या मेनूत पहिलं हेच टाकायचं.” मी हसले. फोटोत तेही आहे.

तिला स्वारगेटवर सोडायला मीच गेले. खोलीवर राहा म्हणाले, तर नको म्हणाली, कोंबड्या बाहेर आहेत. हॉटेलनं दिलेला मिठाईचा खोका मांडीवर घेऊन ती बाकावर बसली. गाडी लागायची होती.

मी आमच्या बोलीत म्हणाले, “आये, रागावलीस?”

“कशाला रागवू?” ती मराठीत म्हणाली. “बाई चांगली हुती. खुर्ची दिली. फौजदार कधी खुर्ची देत न्हाई. इचारतात मात्र तसंच. नाव काय, गाव काय, कुणी शिकवलं.”

मी परत आमच्या बोलीत म्हणाले, “मला सांगायला पाहिजे होतं.”

“काय सांगायचं? धाड पडली की घरातल्यानं घरातल्याला सांभाळायचं. मी न्हाई सांभाळलं व्हय तुला?” तिनं पदराच्या टोकानं खोक्यावरची धूळ पुसली. “जीभ चालती माझी अजून. मला वाटलं, मोडली आसंल.”

“घर मिळालं, आये. पुढच्या महिन्यात गोव्याला जाऊ.”

“तू जा.”

“दोघींना मिळालंय. माझी आई म्हणून.”

“तुजी आई कोण?” ती म्हणाली. शांतपणे विचारलं, लहानपणी मला पढवायची तसं.

पढवलेलं नाव माझ्या जिभेवर आलं.

“तिला न्हे,” आई म्हणाली. “त्या सुलोचनाबाईला न्हे गोव्याला. तिची सासू कोकणातली, तिला समिंदर सोसंल. मी हाय तिथं बरी हाय. तिथं मला निदान म्हाईत आसतं, पोलीस कोण हाय ते.”

गाडी लागली. ती चढली, खिडकीशी बसली, आणि खोक्यातला एक पेढा काढून खिडकीतून माझ्या हातावर ठेवला. फाटकाशी मी टोकल्यापासून ती दिवसभर माझ्याशी आमच्या बोलीत एक शब्दही बोलली नाही. त्यानंतर बोलली, सणासुदीला फोनवर, पण आधी थांबायची आणि विचारायची, “जवळ कोण हाय का?” मग बोलायची.

गोव्याला ती आली नाही, शेवटपर्यंत. झोपडी तिचीच राहिली, धाडीही राहिल्या. ती गेली तेव्हा मी वस्तीवर पोचायच्या आत तिला मातीत ठेवून झालं होतं. चुलीत राख होती. मी ती मुठीत घेतली आणि परत टाकून दिली. कुठं नेऊन काय करणार होते.

मी अजून गोव्याच्या त्याच बारमध्ये आहे. ‘सुलोचना’ चांगली चालते. मेनूत तिच्याखाली कोकणातल्या आजीच्या दोन ओळी छापल्यात, पर्यटक त्या वाचून एकमेकांना दाखवतात. मला या लोकांचा राग येतो. त्यांना आजी पाहिजे, पितळ पाहिजे, पाऊस पाहिजे. घोटाबरोबर बाळंतीण आणि हवालदार नको. त्यांच्यावर चिडणं सोपं जातं म्हणून चिडते. त्या दोन ओळी मी खोडू शकते, बार माझा आहे. दर पावसाळ्यात मेनू नवा छापतो, आणि दर पावसाळ्यात त्या तशाच जातात.

आईचं खरं नाव या कागदावर कुठं आलेलं नाही. ते यायचंही नाही. पण संध्याकाळी गर्दी झाली की वेटर काउंटरवर हात आपटून ओरडतो, “सुलोचना!” आणि इतकी वर्षं झाली तरी माझे हात आधी पदर शोधतात. मग मी दाराकडं बघते, कोण आलंय ते.